कपाटातला पाय

दोन वर्षांमागे, हिवाळ्याच्या आरंभी, आमच्या थोरल्या साडूंच्या घरी जाण्याचा योग आला. साडूंचे वय पंचाहत्तरीच्या घरात. तरुणपणी ते भायखळ्याहून लंडनला आले आणि तीसएक वर्षे येथील टपालखात्यात त्यांनी इमानाने चाकरी केली. दार अक्कांनी उघडले. साडू खिडकीजवळ चाकांच्या खुर्चीत बसले होते. विजारीचा डावा पाय गुडघ्याखाली दुमडून पिनेने टाचलेला होता. मधुमेहामुळे आठ महिन्यांपूर्वी त्यांचा पाय काढावा लागला, हे आम्हांस ठाऊक होते. पुढे कृत्रिम पाय मिळाल्याचेही कानांवर आले होते. म्हणून आम्ही सहज विचारले, "पाय कोठे आहे?"

साडू हसून म्हणाले, "मास्तर, तो कपाटात निजला आहे. त्याला सुखाने निजू द्या."

अक्कांनी कपाट उघडून दाखविले. हिवाळी कोटांच्या मागे, भिंतीला टेकून, तो पाय उभा होता. त्याला मोजा चढविलेला होता, काळा बूटही होता, आणि बुटाच्या तळव्याला फारसा डाग नव्हता.

"वापरीत का नाही?"

"टोचतो."

"मग दवाखान्यात सांगितले नाही?"

"अहो, सरकारने फुकट दिला. धर्माची गाय, तिचे दात कशाला मोजायचे?"

हे उत्तर आमच्या मनात घर करून राहिले. आमचा पेशा शिक्षकाचा. विद्यार्थ्याचे उत्तर चुकले, म्हणजे ते कोठे चुकले याचा शोध घेतल्यावाचून आम्हांस चैन पडत नाही. पुढील काही महिन्यांत साडूंबरोबर आम्ही केंद्रात गेलो, तेथील मंडळींना प्रश्न विचारले, मिळेल ते वाचले. साडूंच्या त्या एका वाक्यात दोन चुका आहेत, असे आमच्या ध्यानी आले. पहिली चूक ही की, हा पाय दान म्हणून मिळतो. दुसरी ही की, हाती पडला म्हणजे तो तयार झाला. आपल्या समाजातील अनेक घरांतून वडीलधारी मंडळी याच दोन समजुती उराशी धरून बसलेली आहेत, म्हणून या विषयाची थोडी सविस्तर मांडणी येथे करीत आहो.

प्रथम दानाची गोष्ट.

१८१५ साली वॉटर्लूच्या लढाईत लॉर्ड अक्सब्रिज या सेनानीचा उजवा पाय गेला. हेच पुढे मार्क्विस ऑफ अँगलसी झाले. चेल्सी येथील जेम्स पॉट्स नावाच्या कारागिराने त्यांना गुडघ्यात व घोट्यात वाकणारा लाकडी पाय करून दिला. आतून तातीच्या दोऱ्या ओवलेल्या असत, त्यामुळे गुडघा वाकला की पाऊलही उचलले जाई. तो पाय 'अँगलसी पाय' म्हणून प्रसिद्धीस आला. त्याच लढाईत पाय गमावलेल्या साध्या शिपायाच्या नशिबी मात्र लाकडाची सरळ खुंटी आली. ज्याच्यापाशी पैसा त्याला पाय, असा तो काळ होता.

हे चित्र पालटले पहिल्या महायुद्धात. त्या युद्धात ४१,००० हून अधिक ब्रिटिश सैनिकांनी हात अथवा पाय गमावला. एवढ्या तरुण माणसांस रस्त्यावर भीक मागताना पाहणे कोणत्याही सरकारास परवडणारे नव्हते. दोन्ही हात गमावलेल्या एका शिपायाची दशा पाहून मेरी एलिनॉर ग्विन होलफर्ड या बाईंनी पुढाकार घेतला आणि १९१५ साली लंडनच्या नैर्ऋत्येस रोहॅम्प्टन येथे क्वीन मेरी रुग्णालय उभे राहिले. रुग्णालयाच्या आवारातच कृत्रिम अवयवांचे कारखाने होते. काही कारागीर अमेरिकेहून आले. त्यांत हँगर यांची कंपनी प्रमुख होती. तिचे मूळ संस्थापक जेम्स एडवर्ड हँगर यांनी १८६१ साली, अमेरिकेतील यादवी युद्धात, ऐन तारुण्यात स्वतःचा पाय गमावला होता आणि पिंपाच्या फळ्या तासून स्वतःचा पाय स्वतःच बनविला होता. स्कॉटलंडमध्ये १९१६ साली अर्स्किन येथे असेच रुग्णालय निघाले. तेथे क्लाइड नदीवरील जहाजे बांधणारे कसबी कामगार लाकडी पाय घडविण्यास पुढे आले.

या इतिहासात आपल्या मायदेशाचाही धागा आहे. ब्रायटनच्या ज्या रॉयल पॅव्हिलियन राजवाड्यात १९१४ च्या अखेरीपासून १९१६ च्या आरंभापर्यंत हिंदी सैनिकांवर उपचार होत होते, तोच राजवाडा पुढे १९२० पर्यंत अवयव गमावलेल्या सैनिकांचे रुग्णालय झाला. तिकडे मुंबईत १९१७ साली अपंग हिंदी सैनिकांना धंदेशिक्षण देणारी संस्था निघाली. क्वीन मेरीचेच नाव धारण करणारी ही संस्था पुढे पुण्याजवळ खडकीस गेली. पुण्याचे लष्करी कृत्रिम अवयव केंद्र १९४४ सालचे. आपल्या समाजातील कित्येक घरांत पलटणीतील सुभेदार-जमादार होऊन गेले. त्या घरांना हे निराळे सांगावयास नको.

या सर्व खटपटीमागील विचार असा होता, की सैनिकाने देशासाठी पाय दिला, तेव्हा देशाने त्यास पाय देणे हे ऋण आहे. १९४८ साली राष्ट्रीय आरोग्य सेवा सुरू झाली आणि या ऋणाची व्याप्ती वाढली. गिरणीत, रेल्वेखाली अथवा रोगाने पाय गमावलेल्या सर्वसामान्य नागरिकासही कृत्रिम अवयव विनामूल्य मिळू लागला. आता 'विनामूल्य' या शब्दाचा अर्थ नीट पाहा. साडूंच्या तीस वर्षांच्या पगारातून कर आणि राष्ट्रीय विम्याचा हप्ता न चुकता कापला जात होता. कपाटातल्या त्या पायाची किंमत त्यांनी आगाऊ भरलेली आहे. ही धर्माची गाय नव्हे. स्वतःच्या गोठ्यातील गाय आहे. तिचे दात अवश्य मोजावेत.

आणि ते मोजणारे लोक होते, म्हणूनच या देशातील ही सेवा सुधारत गेली, हे इतिहास सांगतो. १९१३ साली मार्सेल देसूटर या वैमानिकाचा अपघातात पाय गेला. मिळालेला लाकडी पाय त्यास जड वाटला. भाऊ चार्ल्स याने विमानासाठी वापरल्या जाणाऱ्या ड्युरॅल्युमिन या हलक्या धातूचा पाय बनवून दिला आणि धातूच्या पायांचे युग सुरू झाले. १९३१ साली दोन्ही पाय गमावलेले डग्लस बेडर याच देसूटर बंधूंच्या पायांवर पुन्हा विमान चालवू लागले. १९४१ मध्ये फ्रान्सवर त्यांचे विमान पडले तेव्हा एक कृत्रिम पाय विमानातच अडकून राहिला. शत्रूच्या संमतीने ब्रिटिश विमानदलाने त्यांच्यासाठी दुसरा पाय आकाशातून खाली सोडला, ही हकीकत प्रसिद्धच आहे.

तथापि सर्वच कथा अशा विजयाच्या नाहीत. १९५८ ते १९६१ या काळात थॅलिडोमाइड हे औषध या देशात गर्भवती स्त्रियांना दिले गेले आणि अपुऱ्या हातापायांची शेकडो बालके जन्मास आली. या मुलांसाठी एडिंबरो व अन्य ठिकाणी कार्बन डायऑक्साइड वायूच्या दाबावर चालणारे हात तयार करण्यात आले. संशोधकांची बुद्धी व तळमळ निःसंशय थोर होती. परंतु बऱ्याच मुलांनी ते अवजड हात काढून ठेविले आणि स्वतःच्या इवल्या बोटांनी अथवा पायांनी लिहिणे, जेवणे पसंत केले. शिक्षक या नात्याने आम्हांस यात मोठा धडा दिसतो. ज्याला वापरावयाचे त्याला विचारल्यावाचून केलेली वस्तू कितीही कुशलतेने केलेली असो, अखेर ती कपाटात जाते.

पुढे सरकारी अवयव-केंद्रांबद्दलच्या तक्रारी वाढत गेल्या. न बसणारे पाय, लांबणाऱ्या तारखा, मोजक्या कंपन्यांच्या हाती असलेला पुरवठा. प्राध्यापक इयन मॅकॉल यांच्या समितीने १९८६ साली या कारभारावर कडक अहवाल दिला. त्यानंतर ही केंद्रे सरकारी खात्याकडून काढून १९८७ मध्ये एका स्वतंत्र प्राधिकरणाकडे आणि १९९१ मध्ये आरोग्य सेवेकडे सोपविण्यात आली. अफगाणिस्तानच्या युद्धातून परतलेल्या तरुण सैनिकांच्या बाबतीत हाच प्रश्न पुन्हा उभा राहिला. लष्करी केंद्रात मिळालेल्या उत्तम पायांची निगा नागरी केंद्रांत कशी राखली जाणार? खासदार डॉ. अँड्र्यू मरिसन यांनी २०११ साली त्यावर अहवाल दिला आणि माजी सैनिकांसाठी दीड कोटी पौंडांपर्यंत रक्कम मंजूर झाली. संगणकाच्या नियंत्रणाखाली चालणारा गुडघा सैनिकास मिळतो आणि अपघातात पाय गेलेल्या बसचालकास मिळत नाही, हा भेद मात्र लोकांच्या डोळ्यांत सलू लागला. शेवटी २०१६ साली इंग्लंडच्या आरोग्य सेवेने असा गुडघा पात्र नागरिकांनाही देण्याचे धोरण स्वीकारले. २०२२ साली अनेक प्रकारे पकड घेणारे विजेचे हात देण्याचेही ठरले. प्रत्येक पायरीस कोणीतरी "हे मला बसत नाही" असे म्हटले आहे, आणि मगच ती पायरी चढली गेली आहे.

आता दुसरी चूक. हाती पडलेला पाय तयार असतो, ही.

कृत्रिम पायाचे पाऊल, नळी, गुडघा हे सारे भाग कारखान्यातून येतात. १८९० साली लंडनमध्ये स्थापन झालेली ब्लॅचफर्ड, १९२१ पासूनची स्टीपर, जर्मनीची ओटोबॉक अशा कंपन्या ते बनवितात. १९९० नंतरच्या दशकात ब्लॅचफर्डने बाजारात आणलेला संगणकयुक्त गुडघा हा त्या जातीचा पहिलाच मानला जातो. एडिंबरोतील आरोग्य सेवेच्या संशोधनातून निघालेल्या कंपनीने २००७ साली प्रत्येक बोट स्वतंत्रपणे हलविणारा हात विक्रीस आणला. परंतु या सर्व करामतींच्या वर एक भाग असा आहे, की जो कोणत्याही कारखान्यातून तयार येत नाही. शस्त्रक्रियेनंतर उरलेल्या पायास येथे स्टंप म्हणतात. तो ज्या पेल्यासारख्या साच्यात बसतो, त्या साच्यास सॉकेट असे नाव आहे. हे सॉकेट एकेका माणसाचे माप घेऊन, प्लास्टरचा ठसा अथवा संगणकीय चित्र काढून घडविले जाते. ते घडविणाऱ्या तज्ज्ञास प्रोस्थेटिस्ट म्हणतात. या विद्येची पदवी देणारी विद्यापीठे या देशात हाताच्या बोटांवर मोजता येतील इतकीच आहेत. ग्लासगोचे स्ट्रॅथक्लाइड आणि सॅलफर्ड ही त्यांतील जुनी. पुष्कळ केंद्रांत हा तज्ज्ञ एखाद्या कंपनीचा नोकर असतो आणि ती कंपनी आरोग्य सेवेच्या कंत्राटावर काम करते. केंद्र मात्र आरोग्य सेवेचेच असते, आणि तक्रार ऐकून घेण्यास ते बांधलेले असते.

हा साचा अगदी नेमका का असावा लागतो? निसर्गाने शरीराचा भार टाचेच्या व तळव्याच्या जाड कातडीवर टाकला आहे. पाय छेदल्यानंतर तोच भार पोटरीच्या व गुडघ्याखालच्या मऊ कातडीवर येतो. नवी चप्पल चावली तर आपण चार दिवस लंगडतो. येथे तर सर्व देह त्या चपलेत उभा असतो. शिवाय स्टंपचा आकार स्थिर नसतो. पहिल्या वर्ष-दीड वर्षात सूज उतरते, स्नायू आटतात आणि स्टंप बारीक होत जातो. चैत्रात घट्ट बसलेले सॉकेट श्रावणात सैल होते. सैल झाले की पाय आत घसरतो, हाड टेकते, कातडी सोलवटते. म्हणून आरंभी कापडी मोज्यांचे थर वाढवून ती पोकळी भरतात, आणि तेवढ्याने भागेनासे झाले की सॉकेटच बदलतात. दोन-तीनदा सॉकेट बदलावे लागणे हा दोष नसून या उपचाराचा ठरलेला क्रमच आहे.

हे ज्ञान आजचे नाही. सुमारे अठराशे वर्षांपूर्वी संकलित झालेल्या मिश्नातील शाब्बाथविषयक भागात, पाय तुटलेल्या माणसाने शाब्बाथच्या दिवशी लाकडी पाय लावून बाहेर पडावे की नाही, याची चर्चा आहे. रब्बी मेईर यांनी अनुमती दिली, रब्बी योसे यांनी दिली नाही. याच ठिकाणी त्या लाकडी पायात चिंध्या ठेवण्याच्या पोकळीचाही उल्लेख येतो. म्हणजे स्टंपला मऊ आधार लागतो, हे त्या काळच्या सुतारालाही ठाऊक होते आणि रब्बींनाही!

साडूंच्या घरी नेमके काय घडले होते, ते आता वाचकांच्या ध्यानी येईल. पाय मिळाला तेव्हा तो ठीक बसत होता. तीन महिन्यांत स्टंप आटला. फोड आला. फोड बरा होईपर्यंत पाय काढून ठेवला, तो ठेवलाच. पुढच्या तारखेस पाऊस होता, म्हणून अक्कांनी फोन करून तारीख रद्द केली. त्यानंतर कोणी विचारले नाही आणि यांनीही सांगितले नाही.

येथे आम्हांस आपल्या घरांतील मायेविषयी चार शब्द लिहिणे भाग आहे. अक्कांनी नवऱ्याची सेवा करण्यात कसूर ठेवली नव्हती. पाणी हातात, ताट मांडीवर, औषध तोंडात. स्टंप दुखू नये म्हणून गुडघ्याखाली मऊ उशी रात्रंदिवस. केंद्रातील फिजिओथेरपिस्ट बाईंनी ती उशी पाहताच सांगितले, की हीच उशी घातक आहे. गुडघा सतत वाकलेला राहिला म्हणजे आखडतो, आणि आखडलेल्या गुडघ्यास कृत्रिम पाय लावणे अतिशय कठीण होते. दोन्ही पाय असताना खुर्चीत बसून राहणाऱ्या माणसाचीही शक्ती सहा महिन्यांत जाते; मग ज्याला एका पायाचे काम नव्या पायास शिकवावयाचे आहे त्याची काय कथा! जर्मनीतून निर्वासित होऊन आलेले आपले धर्मबंधू डॉ. लुडविग गुटमान यांनी १९४४ पासून स्टोक मँडेव्हिल येथे पाठीचा कणा दुखावलेल्या सैनिकांस अंथरुणातून उठवून कामास आणि खेळास लावले. १९४८ साली त्यांनी भरविलेल्या छोट्या स्पर्धांतून आजचे पॅरालिम्पिक सामने उदयास आले, आणि १९७६ च्या टोरांटो येथील सामन्यांपासून अवयव गमावलेले खेळाडूही त्यांत उतरू लागले. रुग्णाला बसवून ठेवणे ही दया नव्हे, हे त्यांनी जगास शिकविले. आपल्या स्वयंपाकघरांतूनही ते शिकले पाहिजे.

आणखी एक गोष्ट साडूंनी फार उशिरा सांगितली. नसलेल्या पायाची बोटे त्यांना रात्री खाजत, कधी त्यांत कळा येत. लोक वेडा म्हणतील, या भीतीने ते गप्प राहिले. वस्तुतः हा अनुभव बहुतेकांस येतो. मेंदूत त्या पायाची जागा शिल्लक असते, हे वैद्यकास चांगले ठाऊक आहे आणि त्यावर उपायही आहेत. सांगितले मात्र पाहिजे.

आता आपल्या चालीरीतींशी निगडित अशा काही बाबी.

आपल्या घरी दारातच जोडे काढण्याचा रिवाज. कृत्रिम पायाची उभारणी बुटाच्या टाचेची उंची धरून केलेली असते. बूट काढला की टाच खाली जाते आणि माणूस मागे ढकलल्यासारखा होतो. साडू घरात दोनदा तोल जाऊन पडता पडता वाचले, त्याचे मूळ येथे होते. तेवढ्याच उंचीच्या टाचेचा एक स्वच्छ जोड घरात वापरण्यासाठी निराळा ठेवावा. इकडील पाय बुटासाठी केलेला असतो. जमिनीवर मांडी घालता यावी, उकिडवे बसता यावे, अनवाणी चालता यावे, यासाठी १९६८ च्या सुमारास डॉ. प्र. क. सेठी व कारागीर रामचंद्र शर्मा यांनी जयपूरचा पाय तयार केला. ज्यांना मांडी घालून बसण्याची निकड वाटते, त्यांनी तसे केंद्रात स्पष्ट बोलावे. रोजच्या व्यवहारात आपणांस काय करावयाचे असते, हे कळल्यावाचून तज्ज्ञ तरी योग्य भाग कसे निवडणार?

इंग्रजीत दुखणे सांगता येत नसेल तर दुभाषी मागता येतो. त्याचे पैसे पडत नाहीत. नातवंडांना दुभाषी करून आजोबांच्या जखमेचे वर्णन करावयास लावणे इष्ट नव्हे.

छेदलेला अवयव टाकून न देता पुरावा, अशी आपली धार्मिक परंपरा आहे. शस्त्रक्रियेपूर्वीच रुग्णालयास आणि आपल्या दफन-व्यवस्था पाहणाऱ्या मंडळींस तसे कळवावे. नंतर धावाधाव करून उपयोग होत नाही. साडूंच्या वेळी घाईत हे कोणाच्या ध्यानी आले नाही. त्याची खंत ते आजही बोलून दाखवितात.

शेवटी सर्वांत महत्त्वाची गोष्ट. या देशातील अवयव-केंद्रांत अंदाजे ५५ ते ६० हजार माणसे जातात. त्यांपैकी युद्धात जखमी झालेले थोडेच. बहुतेकांचा पाय रक्तवाहिन्यांच्या रोगाने व मधुमेहाने गेलेला असतो. आपल्या उपखंडातून आलेल्या लोकांत मधुमेहाचे प्रमाण येथील गोऱ्या लोकांच्या दुप्पट ते चौपट आहे. मँचेस्टर भागातील अभ्यासांत मात्र असे दिसले, की आशियाई मधुमेहींच्या पायांस जखमा होण्याचे प्रमाण गोऱ्या मधुमेहींहून कमी आहे. ही समाधानाची बाब खरी, परंतु ती कोणा एकाच्या पायाची हमी नव्हे. साडूंचे दुखणे एका भोवरीपासून सुरू झाले. पाय बधिर, म्हणून वेदना नाही. घरीच पात्याने भोवरी कापली. सण तोंडावर होता, घरच्यांस त्रास नको म्हणून तीन आठवडे कोणास दाखविली नाही. आधी अंगठा गेला, मग पाय.

मधुमेही माणसाच्या पायांची तपासणी वर्षातून एकदा विनामूल्य होते. नायलॉनचा बारीक तंतू तळव्यास टेकवून संवेदना पाहतात, नाडी पाहतात. हे काम दहा मिनिटांचे आहे. जखम, लाली, सूज अथवा काळसरपणा दिसल्यास डॉक्टरांनी एका कामाच्या दिवसाच्या आत पाय-तज्ज्ञांकडे धाडावे, असा नाइस या राष्ट्रीय संस्थेचा २०१५ चा मार्गदर्शक नियम आहे. तो मुद्दाम ध्यानात ठेवावा आणि गरज पडल्यास सौम्य शब्दांत आठवण करून द्यावी. डायबिटीस यूके या संस्थेच्या मते मधुमेहामुळे होणारी पाचांपैकी चार अवयवच्छेदने टाळता येण्याजोगी असतात. रोज रात्री तळवे आरशात पाहावेत अथवा घरच्यांनी पाहावेत. भोवरीस पाते लावू नये. बधिर पाय गरम पाण्याच्या पिशवीने शेकू नये. जोडे घालण्यापूर्वी झटकावेत. घरातही अनवाणी चालू नये. धूम्रपान सोडावे. हे नियम चौथीच्या मुलासही पाठ होतील इतके सोपे आहेत. कठीण जाते ते आपल्या वडीलधाऱ्यांस आपला पाय दुसऱ्यास दाखविणे.

साडूंच्या बाबतीत आम्ही एवढेच केले, की केंद्रास फोन केला. दहा दिवसांत तारीख मिळाली. प्रोस्थेटिस्ट बाईंनी कपाटातला पाय हातात घेतला, स्टंपचे माप घेतले आणि विचारले, "आपण पूर्वीच का आला नाहीत?" साडूंनी आमच्याकडे पाहिले. आम्ही मुद्दामच उत्तर दिले नाही. थोडे थांबून साडूच म्हणाले, "तुम्हांस त्रास द्यावयाचा नव्हता." बाई म्हणाल्या, "पण माझे तेच काम आहे." नवे सॉकेट झाले. आखडलेला गुडघा सरळ करण्यास चार महिन्यांचा व्यायाम लागला. तो पूर्ण सरळ अद्यापि झालेला नाही, आणि लांबचे अंतर साडूंना आजही खुर्चीतूनच काटावे लागते. सहा महिने वाया गेले नसते तर कदाचित याहून बरे झाले असते. ही गोष्ट लपविण्यात अर्थ नाही.

आपल्या समाजास आमची एक विनंती आहे. आपणांत मधुमेही वडीलधारे किती, याची मोजदाद कोणी केलेली नाही. परंतु प्रत्येकाच्या घरी एक तरी आहे. या शाब्बाथनंतर त्यांना सरळ विचारा: "पाय शेवटचे केव्हा तपासून घेतले?" ज्यांचा पाय गेला आहे त्यांना विचारा: "पाय वापरता ना?" आणि कपाट उघडून पाहा. केंद्रात जाताना सोबत हवी असेल, फोन करण्यास कोणी हवे असेल, तर संपादकांकडे निरोप ठेवावा. आमच्या शाळेच्या सुट्टीच्या दिवशी आम्ही अवश्य येऊ.

गेल्या महिन्यात आम्ही साडूंकडे पुन्हा गेलो. घंटा वाजविली. आत बराच वेळ काठीचा आवाज येत राहिला. दार उघडण्यास नेहमीपेक्षा विलंब लागला, कारण या वेळी ते उघडण्यास साडू स्वतः आले होते.